आष्ट्याच्या आत्याची वाकडी चांदणी

आत्या गेली. आज दुपारी आष्ट्याला तिला माती देऊन आलो.

कबरस्तानाच्या फाटकातून बाहेर पडतोय न पडतोय, तोच नात्यातल्या एका काकूंनी आईला गाठलं.
"यंदा नाताळचं काही करू नका हां. कढई चढवू नका, चांदणी लावू नका."

काकूंचं चुकलं नाही. आमच्यात तसंच आहे. घरातलं माणूस गेलं की त्या वर्षी फराळ तळायचा नाही, शेजारपाजारचे ताटं आणून देतात. दारावर चांदणी नाही. आणि घरोघर नाताळची गाणी म्हणत फिरणारे कॅरलवाले त्या घरापाशी आले की ढोलकी थांबवून, न गाता पुढं जातात.

बायबलात असं कुठं लिहिलेलं नाही. पण रीत म्हणजे रीत.

त्या रीतीला न घाबरणारी एकच बाई मी बघितलीय. तिलाच आज ठेवून आलो.

पप्पा गेले त्या वर्षाची गोष्ट.

आधी त्यांची कंपनी बंद पडली, मग ते आजारपण, आणि नोव्हेंबरात ते गेलेच. विश्रामबागचं आमचं घर नुसतं दमून गेलं होतं. रडायलासुद्धा अंगात ताकद लागते हो.

आईचं तर बोलणंच बंद झालं. हो, नाही, जेवा. एवढंच.
अख्खं आयुष्य चर्चच्या क्वायरमध्ये गायलेली बाई! तिनं गाणं सोडलं, चर्च सोडलं. आम्ही प्रार्थनेला डोळे मिटले की ही उठून स्वयंपाकघरात.

मला एकच भीती. पप्पांच्या मागोमाग हीपण जाते की काय.

आणि ख्रिसमसच्या आदल्या दिवशी आत्या आली. पप्पांची थोरली बहीण.
एसटीनं. हातात ही भलीमोठी चांदणी! कामट्या, पतंगाचा लाल कागद, कणकेची खळ, सगळं घरी केलेलं. एसटीत कुणीतरी तिच्यावर पोतं टेकवलं होतं, त्यामुळं एक टोक साफ वाकलेलं.

"कंडक्टरला म्हटलं, चांदणीचं तिकीट काढते, पर आधी त्ये पोतं उचल!" बाई दारातूनच सुरू.

आई बघतच राहिली.
"वन्सं, यंदा नाही लावायची चांदणी."
कित्येक दिवसांतलं तिचं ते पहिलं धड वाक्य होतं.

आत्या म्हणाली, "आवं वैनी, कढई नका चढवू. मी कुठं म्हणते चढवा? पर चांदणी काय तळायची असती व्हय?"

मला फस्सकन हसू आलं. त्या घरात, त्या महिन्यात! तोंडावर हात दाबून धरला.

"लोक काय म्हणतील?" आई पुटपुटली.

तेव्हा आत्या तिच्याशेजारी खाली फरशीवर बसली. तिचाही पाठचा भाऊच गेला होता की. डोळे भरलेले, पण आवाज खणखणीत.

"वैनी, पयल्या नाताळाला तरी कुणाच्या घरात सुख हुतं? पोरगी दिवस भरलेली, गाव परकं, कुणी दार उघडंना. बाळ जन्मलं त्ये गोठ्यात. आन् सांगावा पयला कुणाला? रानात मेंढरं घिऊन बसलेल्यास्नी. दमलेल्यांसाठीच आलाय त्यो. मग आपून दमलोय म्हणून आपूनच दिवा मालवायचा व्हय?"

आई उठून आतल्या खोलीत गेली.
पण नको म्हणाली नाही.

शेजारचे रिटायर्ड सुभेदारकाका शिडी घेऊन आले. त्यांचा ना चर्चशी संबंध ना नाताळशी. "कुठं बांधू, ताई?" एवढंच विचारलं आणि वर चढले.

दिवेलागणीला चांदणीतला बल्ब लागला. अंगणभर लाल उजेड.

थोड्या वेळानं कोपऱ्यावर ढोलकी वाजली. कॅरलवाले आले. आई आतल्या खोलीत, अंधारात बसून होती.

आमच्या घराच्या अलीकडं, रीतीप्रमाणं, ढोलकी थांबली.

ती शांतता मला अजून ऐकू येते. पप्पा नाहीत, हे तिनं सगळ्या गल्लीला सांगितलं.

मग पावलंही थांबली. त्यांना चांदणी दिसली होती. दुःखाचं घर, आणि वर चांदणी? गावं की जावं, बिचाऱ्यांना कळेना.

आत्या दारात जाऊन उभी राहिली.
"थांबला कशापायी? म्हणा की रं!"

त्यांनी सुरू केलं. ढोलकीशिवाय, हळू, भीतभीत.

दुसऱ्या कडव्याला माझ्या पाठीमागून एक आवाज आला.

आईचा.

आधी फाटका. मग जरा सावरलेला. मग सगळ्यांच्या वर.

मी वळून बघितलं नाही. बघितलं तर ती थांबेल, असं वाटलं. फाटकापाशी सुभेदारकाकांनी टोपी काढून हातात धरली होती. कॅरलवाली पोरं गाता गाता रडत होती. आत्या मात्र नुसती वर चांदणीकडं बघत होती, लहान मूल बघतं तशी.

देव आहे की नाही यावर मी कॉलेजात लय वाद घातलेत. त्या संध्याकाळी वाद घालायला माझ्याकडं काही उरलं नाही. कुणीतरी आमच्या घरात आलं होतं. याहून जास्त मला सांगता येत नाही, आजही.

गाणं संपलं आणि आई पप्पांसाठी पहिल्यांदा रडली. पोटभर. आणि मग पहिल्यांदा पोटभर जेवली.

तर, आज.
फाटकात काकू म्हणाल्या, चांदणी लावू नका. आई थांबली. पदर सारखा केला. आणि जन्मभर पुस्तकासारखं शुद्ध बोलणारी माझी आई चक्क आष्ट्याच्या बोलीत म्हणाली,

"कढई न्हाई चढवत. पर चांदणी काय तळायची असती व्हय?"

आणि आम्ही सगळे, रडून डोळे सुजलेले, कबरस्तानाच्या दारात खो खो हसत सुटलो.

आत्ता माळ्यावरनं चांदणी काढलीय. कागद दर वर्षी नवा लावतो, कामट्या त्याच. ते टोक अजून वाकडंच आहे. आई कुणाला सरळ करू देत नाही.

कॅरलवाल्यांनो, हे वाचत असाल तर ऐका. यंदा आमच्या दाराशी ढोलकी थांबवू नका. आई गाणार आहे.

आत्या, पुनरुत्थानाच्या सकाळी भेटू.
तोवर चांदणी आम्ही लावतो.