आरशातली तीट

मुलगा दोन वर्षांचा होत आला तरी बोलत नव्हता. पाणी हवं असलं की माठाकडे बोट, बाहेर जायचं असलं की दाराकडे बोट. हाक मारली तर मनात आलं तर बघायचा, नाहीतर चमच्याने फरशी वाजवत बसायचा. डॉक्टरांनी कान तपासून घेतले, कान चांगले निघाले. "काही मुलं उशिरा बोलतात. अजून थोडे दिवस बघू," ते म्हणाले. बघू! सांगणाऱ्याचं काय जातं?

मी शहापूरला एका बालवाडीत शिकवते. दुसऱ्या मुलांच्या आयांना 'धीर धरा' म्हणताना माझी जीभ अडखळत नाही. घरी मात्र एका जागी दोन मिनिटं बसवत नव्हतं. मुलं उशिरा का बोलतात, हे फोनवर नुसती शोधत राहायची. त्यातच एक आरशाचा प्रयोग सापडला. मुलाला कळू न देता त्याच्या नाकावर रंगाचा ठिपका लावायचा आणि आरशापुढे सोडायचं. दीड-दोन वर्षांची बरीच मुलं आरशात बघून आपल्याच नाकाला हात लावतात. आरशातलं पोर म्हणजे आपणच, हे त्यांना कळलेलं असतं.

झालं! तोंड पुसायच्या निमित्ताने मी त्याच्या नाकाला कुंकू लावलं आणि कपाटाच्या आरशापुढे उभं केलं. त्याने बघितलं, हसला, आरशावर थाप मारली आणि चमचा शोधायला निघून गेला. मग हळद लावून बघितली. मग पावडर. मग माझी लिपस्टिक. हात काही नाकाकडे जाईना. आपण कोण, हेच याला कळत नसेल तर?

"काहून वं, लेकराचं तोंड रोज रंगवून राहिली?" सासूबाईंनी एकदा पकडलंच. मी सगळं समजावून सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि रोजच्यासारखी नातवाच्या कपाळाच्या कडेला काजळाची तीट लावली.

"तू त्याची माय आहेस का पेपर तपासणारी बाई?" नवरा म्हणाला. त्याला चेष्टा सुचत होती, याचाच मला जास्त राग आला.

पुढे धानाची कापणी लागली आणि सासूबाई कोंढ्याला शेतावर गेल्या. "टिक्का लावत जाजो त्याले. विसरू नोको," असं दारातून बजावून गेल्या.

माझा नजरबिजर लागण्यावर विश्वास नाही. शिवाय वाटलं, कपाळावर आधीच एक ठिपका असताना दुसऱ्याचं त्याला काय नवल? जन्मल्यापासून घरातलं कोणी ना कोणी याच्या तोंडाला काहीतरी फासतच आलं आहे. एकदा कोऱ्या चेहऱ्यावर करून बघू. म्हणून सकाळी आंघोळीनंतर तीट लावलीच नाही. मी लिपस्टिक घेऊन वळते तोच तो आपणहून आरशापुढे जाऊन उभा राहिला.

त्याने मान तिरकी करून बघितलं. मग हात कपाळाच्या कडेला नेला, रोज तीट असते नेमका तिथे. बोट डोळ्यांसमोर धरलं. बोटाला काळं लागलं नव्हतं. त्याने पुन्हा कपाळ चाचपलं आणि ओठ काढले.

मी मागे तशीच उभी. हाक मारायचंही सुचलं नाही. तेवढ्यात आरशात त्याला मी दिसले. आरशातल्या मला हात लावायला तो गेला नाही. गर्रकन मागे वळला, धावत आला आणि माझं बोट ओढून आपल्या कपाळावर टेकवलं.

मी काजळाची डबी आणली. घाईघाईत लावताना तीट भुवईपर्यंत फरफटली. त्याने आरशापुढे जाऊन बघितलं आणि पुसून घ्यायला परत तोंड पुढे केलं. मी हसत होते आणि डोळ्यांतलं पाणी थांबत नव्हतं.

संध्याकाळी नवऱ्याला सांगितलं. "मग आता तरी निवांत बस," तो म्हणाला.

निवांत कुठली! बोलत तर मुलगा अजूनही नव्हता. पण तो माझ्याकडे वळला, हाक न मारता वळला, हे मी नवऱ्याला जेवताना सांगितलं, भांडी आवरताना सांगितलं, अंथरूण घालताना पुन्हा सांगितलं.

"समजलं वं मले," तो शेवटी म्हणाला. "वळला तो." आणि त्याने पटकन तोंड भिंतीकडे फिरवलं, पण आवाज रडवेला झालेला मला ऐकू आला होता.