ढवळीची घंटा काढली तेव्हा

चहा हातात असेल तर आधी खाली ठेवा. मागच्या वेळी हा प्रकार मी शेजारच्या वहिनींना सांगितला तेव्हा त्यांना ठसका लागला, आणि ठसका थांबल्यावर त्यांनी मलाच विचारलं, "पण तुम्ही शिकलेल्या आहात ना हो?"

शिकलेली आहे. तिथंच तर सगळं बिनसलं!

मी महाडच्या एका छोट्या प्रकाशनात मुद्रितं तपासते. म्हणजे पुस्तक छापायच्या आधी त्यातल्या चुका काढते. आमच्याकडची पद्धत जुनी. दोघं समोरासमोर बसतात. एक जण लेखकाची मूळ प्रत मोठ्यानं वाचतो, दुसरा छपाईच्या कागदावर पेन्सिल फिरवत जातो. वाचायचं म्हणजे कागदावर दिसेल ते सगळं वाचायचं, काही गाळायचं नाही. सात वर्षं मी वाचतेय आणि समोर पाटणकरकाका पेन्सिल फिरवतायत. "हिला डुलकी लागली तरी तोंड बिनचूक चालू असतं," असं काका सगळ्यांना सांगतात. मी ते कौतुक समजत आले.

तर यंदा दिवाळीनंतर आमच्या मालकांनी, भाऊंनी, सगळ्यांना बोलावलं.

"आता लोक पुस्तकं ऐकतात. आपणही ऐकायची पुस्तकं करायची. पुण्याच्या एक मॅडम आठ दिवस ऑनलाइन शिकवतील. ज्याला जमेल त्याला काम आहे. नाही जमलं तर..."

आणि भाऊ खिडकीबाहेर बघायला लागले. खिडकीबाहेर बघण्यासारखं काय आहे? भिंत!

पाटणकरकाका "माझं आता वय झालं" म्हणून सुटले. मी बत्तिसाव्या वर्षी काय म्हणून सुटणार? नवरा एमआयडीसीत शिफ्टला, घराचा हप्ता दोघांच्या जिवावर, आणि घरात साडेतीन वर्षांची ओवी.

ओवीची तर वेगळीच धास्ती. ती वाक्य बोलत नव्हती. सुटे शब्द बोलायची. पाणी. नको. भूभू. बस्स! तिच्या वयाची शेजारची पोर अख्ख्या भांडणाचा वृत्तांत सांगते, आणि आमची "भूभू" म्हणून गप्प. सासूबाई म्हणायच्या, "काळजी करू नकोस, तुझ्या नवऱ्यानंही चौथ्या वर्षी तोंड उघडलं." मी म्हणायचे, मनातल्या मनात, पुढे कुठे फारसं उघडलंय?

बरं. आठ दिवस शिकले. वही भरली, डोकं रिकामंच राहिलं. मॅडम विचारायच्या, "समजतंय ना?" आणि मी सर्वांत आधी मान हलवायचे. ही माझी शाळेपासूनची खोड. शेवटी परीक्षा: एक गोष्ट वाचून, रेकॉर्ड करून शनिवारपर्यंत पाठवायची. आवाज घुमता कामा नये, खोलीत मऊ सामान असावं, मागे कसलाही आवाज नको.

मागे कसलाही आवाज नको! आमचं घर एसटी स्टँडसमोर.

म्हणून ओवीला उचललं आणि माहेर गाठलं. पोलादपूरच्या वर डोंगरात आठ घरांची वाडी. माझा धाकटा भाऊ मुंबईला, घरी आई एकटी. आई, ढवळी गाय आणि चार शेळ्या. शांतता एवढी की आपलेच विचार ऐकू येतात, आणि माझे विचार काही ऐकण्यासारखे नसतात. मऊ सामान म्हणाल तर गोठ्याच्या माळ्यावर छपरापर्यंत पेंढा! त्यात बसले, मोबाईल समोर ठेवला, ओवीला शेजारी बसवली आणि म्हाताऱ्या सुताराची गोष्ट सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाचून काढली. एकदाही अडखळले नाही.

मग ती तपासली. तपासणं माझ्या रक्तात आहे हो! कागद मांडीवर, हातात पेन्सिल, कानाला मोबाईल. एकेक ओळ जुळवत गेले. एवढीशी चूक नाही! सात वर्षांत इतकं निर्दोष काम हातून झालं नव्हतं. देवळाच्या पारावर चढलं की रेंज येते, तिथून फाईल पाठवली आणि आईला म्हटलं, "नोकरी वाचली गं."

दुसऱ्या दिवशी सकाळी पारावर मॅडमचा फोन.

"ऐकलं मी. आवाज छान आहे तुमचा. पण ते मध्ये मध्ये येतंय ना, ते तेवढं काढून..."

फोन कट.

मध्ये मध्ये काय येतंय? पुन्हा ऐकलं, डोळे मिटून. आणि सापडलं! टिण टिण. खाली गोठ्यात ढवळीच्या गळ्यातली घंटा.

"आई, ढवळीची घंटा काढ."

"घंटा काढू? आनि रानात ती सापडायची कशी गो? घंटेच्या आवाजावर तर शोधते मी तिला."

"एकच दिवस. माझ्या नोकरीचा प्रश्न आहे."

"तुजी नोकरी, आनि घंटा माज्या गायीची काढायची? बरा हाय तुमचा शिक्षण!"

पण काढली बिचारीनं. मी कोंबडा टोपलीखाली कोंडला, शेळ्या शेजारी पाठवल्या आणि पुन्हा पेंढ्यात शिरले. या वेळी आणखी सावकाश, आणखी स्पष्ट, कागदावरची एकेक गोष्ट ठासून वाचली. ओवी तोंड उघडं टाकून बघत होती. पुन्हा तपासलं. पुन्हा निर्दोष! पाठवलं.

दुपारी फोन.

"अहो, ते अजून आहेच! उलट आता जास्तच ठळक येतंय."

"कसं शक्य आहे मॅडम? घंटा काढली मी."

"कसली घंटा?"

"ढवळीची."

"ढवळी कोण?"

"गाय."

मला वाटलं रेंज गेली. गेली नव्हती.

"गायीचं काय मध्येच?" मॅडम अगदी हळू आवाजात म्हणाल्या. आजारी माणसाशी बोलतात ना, तसं.

"मागे आवाज येतो ना तिचा..."

"मागे नाही हो! तुमच्याच तोंडून येतंय. तुम्ही प्रत्येक वाक्यात..."

आता मात्र रेंज गेली.

माझ्या तोंडून? काय येतंय माझ्या तोंडून? उचकी? श्वास? मी नाकात बोलते का? आणि मीच नीट बोलत नसेन तर ओवी कुठून बोलणार? बघा, कुठून कुठे पोचले! आल्याचा काढा करून प्याले. मिठाच्या पाण्यानं गुळण्या केल्या. आरशासमोर आ करून घसासुद्धा बघितला.

आणि तेवढ्यात अंगणातून आईची हाक, "अगो, ढवळी आली नाय!"

बिनघंटेची गाय! आठ घरांतली झाडून सगळी माणसं रानात. कोणी "ढवळेऽऽ" ओरडतंय, कोणी माझ्याकडे बघून पुटपुटतंय. मी ओवीला कडेवर घेऊन आईच्या मागे, तोंडानं सारखं "सॉरी आई, सॉरी आई". ऊन उतरेपर्यंत डोंगर पालथा घातला. आणि गाय कुठे? घरामागच्या करवंदीच्या जाळीआड, निवांत रवंथ करत. आई तिथून तीनदा गेली होती.

परत येताना आईनं विचारलं, "येवढा करून ती तुजी मॅडम तरी खूश हाय काय?"

"नाही गं. म्हणते, मध्ये मध्ये काहीतरी येतंच आहे."

"येतो ना! दोन दिस मी खाली शेण काढताना ऐकतेय. त्यो स्वल्पविराम कोन गो? सुताराचा जावई काय? मेला कोनाचा बोलना पुरा होऊ देत नाय!"

मी तिथेच पायवाटेवर बसले.

मोबाईलवर रेकॉर्डिंग लावलं. माझा गोड, खणखणीत आवाज: "म्हातारा सुतार उठला स्वल्पविराम रंधा घेतला आणि म्हणाला स्वल्पविराम अवतरण सुरू अगं स्वल्पविराम ऐकतेस का प्रश्नचिन्ह अवतरण बंद नवा परिच्छेद."

आता तुम्हीच सांगा, माझं काय चुकलं? सात वर्षं मी असंच वाचतेय! स्वल्पविराम वाचला नाही तर समोर काका पेन्सिल कशावर टेकवणार? आणि मी तपासलं होतं हो! दोनदा! कागदावरचा एकेक स्वल्पविराम रेकॉर्डिंगमध्ये जागच्या जागी होता. म्हणून तर ते निर्दोष होतं!

शनिवारी सकाळी ढवळीच्या गळ्यात घंटा परत बांधली आणि मी तिसऱ्यांदा पेंढ्यात. या वेळी खुणा वाचायच्या नाहीत. नाही वाचल्या. पण मग थांबायचं कुठे तेच कळेना! सुतार उठला काय, रंधा घेतला काय, म्हातारा मेला काय, सगळं एका दमात. अर्ध्या वेळात गोष्ट संपली आणि मला धाप लागली.

शेवटी आई माळ्यावर चढली आणि काकांसारखी समोर बसली. "जिथं तो जावई येल ना," ती म्हणाली, "तिथं तोंड मिट आनि मनात म्हन त्याचा नाव."

तसंच केलं. खूण आली की ओठ मिटायचे, मनात नाव घ्यायचं, पुढे जायचं. फाईल पाठवली आणि पारावरच बसून राहिले. तासाभरानं मॅडमचा मेसेज आला. "जमलं! तुमच्या भाऊंना कळवते. मागे कुठेतरी एक घंटा वाजते, ती मात्र काढू नका. छान वाटते."

धावत घरी आले. आई अंगणात, ओवी तिच्या मांडीवर. मला बघून पोरगी उठून उभी राहिली, हात पुढे केला आणि अगदी स्पष्ट, ठासून म्हणाली:

"आई पाणी दे पूर्णविराम."

"बोलली गो, बोलली!" आई ओरडली. ओवीचं पहिलं वाक्य! माझे डोळे भरून आले. आणि देवाशपथ सांगते, ते पुसायच्याही आधी माझ्या मनात काय आलं असेल?

'आई'च्या पुढचा स्वल्पविराम राहिला.