गाऱ्हाण्याला पुरेल एवढा श्वास

विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी दुपारी सुधाकरच्या बायकोचा, मंगलवहिनींचा, फोन आला. "भावोजी, हे उठत नाहीयेत हो..." एवढंच म्हणाल्या. गिरगावातून लालबागला जाताना मी टॅक्सीवाल्यावर उगाच खेकसत होतो. सुधाकरवर खेकसायची सोय आता उरली नाही, हे आत कुठेतरी कळून चुकलं होतं. चाळीच्या जिन्यात माणसं भिंतीला चिकटून मला वाट करून देत होती. त्याला जाऊन महिना होत आला, पण माझा राग काही ओसरत नाही. दुःख आहेच, पण आधी राग येतो, काय करू?

आम्ही दोघं त्याच चाळीत वाढलो. मी लग्नानंतर गिरगावात आलो, तो तिथेच राहिला. मूळचा मालवणकडचा, वडील गिरणीत. गावचं घर चुलत्यांकडे गेलं तेव्हा वडिलांनी गणपती चाळीतल्या खोलीत आणला आणि त्याच्याबरोबर गाऱ्हाणंही आणलं. आरती झाली की एकाने देवापुढे उभं राहून सगळ्यांच्या वतीने मागणं मागायचं आणि प्रत्येक मागण्याला जमलेल्यांनी "व्हय म्हाराजा!" म्हणून साथ द्यायची. वडिलांमागे हे काम सुधाकरकडे आलं. काय आवाज होता हो! कुणाच्या मुलीचं लग्न, कुणाची नोकरी, कुणाचं गुडघ्याचं ऑपरेशन, सगळं एका दमात देवाच्या कानावर घालायचा. खालचा पानवाला गिऱ्हाईक सोडून हात जोडायचा.

गेल्या वर्षी त्याला न्यूमोनिया झाला. बरेच दिवस व्हेंटिलेटरवर काढले आणि वाचला. घरी आल्यावर काही आठवड्यांनी श्वास घेताना बारीक शिट्टी वाजायला लागली. चाळीत प्रत्येकाचं निदान तयार होतं, दमा! कुणी पंप आणून दिला, कुणी अडुळशाचा काढा. शेवटी मीच त्याला धरून परळच्या एका हॉस्पिटलात नेला. तिथल्या डॉक्टरबाईंनी कागदावर चित्र काढून समजावलं. व्हेंटिलेटरच्या नळीने श्वासनलिका आतून दुखावली होती, ती जखम भरताना आकसली आणि हवेची वाट अरुंद झाली. आता घशातून दुर्बीण आत घालायची, मिटलेला फुगा त्या अरुंद जागी न्यायचा आणि पाणी भरून थोडा वेळ फुगवून धरायचा, म्हणजे वाट मोकळी होते. "फुगो? जत्रेतलो काय वाढदिवसाचो?" सुधाकरने विचारलं. बाई हसल्या आणि मग एकदम गंभीर झाल्या. "हे पुन्हा आकसू शकतं. शिट्टी परत ऐकू आली तर पंप मारत घरी बसू नका. त्याच दिवशी इकडे यायचं."

फुगवून आणल्यावर गुंगी उतरत होती तेव्हा मी त्याच्या खाटेशी होतो. छाती वरखाली होत होती, पण आवाज नव्हता. त्याने डोळे उघडले, एक लांबलचक श्वास घेऊन बघितला आणि घोगऱ्या आवाजात सुरू झाला, "बा देवा म्हाराजा..." शेजारच्या खाटेवरचा कुडाळकडचा एक म्हातारा, नाकात नळी घातलेला, तिथूनच म्हणाला, "व्हय म्हाराजा!" सिस्टर दोघांनाही ओरडली. सुधाकर हसत होता आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. इतका सुखी मी त्याला कधी पाहिला नव्हता.

यंदा गणपतीच्या तोंडावर शिट्टी परत आली. डॉक्टरबाईंनी लगेच बोलावलं, तर या पठ्ठ्याने स्वतःच फोन करून तारीख पुढे ढकलली. मला कळल्यावर मी तडक लालबाग गाठलं. "अरे, तुला अक्कल आहे का?"

"देव घरात येताहा नि मी हॉस्पिटलात जाऊ? गाऱ्हाणा कोण घालतलो?"

"दुसरा कुणीही घालेल!"

"दुसऱ्या कोणाक येता?" तो शांतपणे म्हणाला. "गौरी-गणपती जावंदेत. मगे तू म्हणशीत थंय येतंय."

मी हात जोडले, शिव्या दिल्या. वहिनींनी तर देवाचीच शपथ घातली, आणि तिथेच चुकलं, कारण देव त्याच्याच बाजूने होता ना! चतुर्थीला आरतीनंतर तो उभा राहिला. खोली गच्च भरलेली, उदबत्त्यांचा धूर. "बा देवा म्हाराजा..." म्हणाला आणि थांबला. "व्हय म्हाराजा!" चाळ गरजली. तेवढ्यात त्याने श्वास ओढून घेतला. दोन शब्द... पुन्हा थांबला. पुन्हा चाळ गरजली. लोकांना वाटलं, आजारातून उठलाय, त्याचा कंठ दाटून येतोय. बायका डोळे पुसत होत्या आणि मुद्दाम मोठ्याने साथ देत होत्या. त्या गजरात ती शिट्टी कुणालाच ऐकू गेली नाही. मी त्याच्या बाजूलाच उभा होतो. सदऱ्याच्या उघड्या गळ्यातून दिसणारा त्याच्या मानेखालचा खळगा प्रत्येक श्वासाला आत ओढला जात होता. सगळं आवरल्यावर मी त्याला म्हटलं, "आत्ता चल, खाली टॅक्सी उभी करतो." त्याने फक्त नकारार्थी मान हलवली. बोलण्याएवढा श्वास त्याच्यात उरला नव्हता. गौरीबरोबर गणपती गेले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने मला फोनवर सांगितलं, "संध्याकाळी ये रे. जावया हॉस्पिटलात." मी निघायची तयारी करून बसलो होतो.

परवा वहिनींना भेटायला गेलो. आडवं पडलं की त्याचा जीव घुसमटायचा, म्हणून खाटेच्या डोक्याकडच्या पायांखाली विटा लावल्या होत्या. त्या तशाच आहेत. वहिनी आता त्या उतरत्या खाटेवर झोपतात आणि घसरत पायथ्याशी येतात. मी म्हटलं, "विटा काढून देऊ का?" त्यांनी नको म्हटलं. उशीवरून हात फिरवत, माझ्याकडे न बघता बोलल्या, "त्या दुपारी शिट्टी थांबली ना भावोजी... मला वाटलं, बरं झालं बाई, लागला एकदाचा डोळा. मी पंखा बारीक केला, दार लोटून घेतलं आणि गॅलरीत जाऊन सगळ्यांना गप्प केलं. म्हटलं, हळू बोला, आत्ताच झोपलेत."