नकाशातलं पाचवं घर

मी भूगोल शिकायला पुण्याला निघाले, तेव्हा जीपपर्यंत सोडायला वाडीतल्या नऊच्या नऊ घरांतून माणसं आली होती. आमची वाडी दिग्गीच्याही पलीकडे, जंगलात. जोयड्याची जीप जिथे मिळायची, तिथवर दोन तासांची चाल. आईने कंदांची पिशवी हातात दिली. शेजारची गंगाकाकी नवरा गेल्यापासून एकटीच राहायची आणि आम्हा सगळ्या पोरांवर हक्काने ओरडायची. तिने विचारलं, "भूगोल म्हंजे काय गं?"

मी म्हटलं, "कुठं कोण राहतं, का राहतं, ते शिकायचं."

"ते तर मला आत्ताच ठावं हाय," काकी म्हणाली, आणि सगळे हसले.

पुण्यात मला आमच्याच जगण्यासाठी नवे शब्द मिळाले. आमची वाडी म्हणजे 'विखुरलेली वस्ती'. आम्ही गुरांमागे जायचो ती पायवाट म्हणजे 'संपर्कमार्ग'. हॉस्टेलवर समोरच्या खोलीतल्या मुलीचं नाव मला तीन महिन्यांनी कळलं, आणि त्याचं मला फारसं काही वाटलं नाही, हेही सांगितलं पाहिजे.

एम.ए.च्या दुसऱ्या वर्षी प्रकल्पासाठी मी आमचीच वाडी निवडली. तोवर चार घरं जंगलाबाहेर जागा घेऊन रामनगरकडे गेली होती. उरलेल्यांचं जायचं की राहायचं, ते ठरत नव्हतं. भात पिकलं की रानगवे शिरत. राखणीच्या पाळ्या लावायला निदान पाच घरं हवीत, असं माझ्या वडिलांचं, आप्पांचं म्हणणं होतं.

मी उन्हाळ्यात गेले. ओळखीच्या जागेकडे परक्या माणसासारखं बघा, असं सरांनी बजावलं होतं. मी तसंच बघितलं. वस्तीचं घर काळ्या चौकोनाने दाखवायचं, ओसाड पोकळ चौकोनाने. सहा महिन्यांहून जास्त बंद असेल तर ओसाड धरायचं. गंगाकाकीच्या दाराला कुलूप होतं, अंगणात पाचोळा गुडघाभर. ती दिवाळीनंतर गोव्याकडे लेकीच्या बाळंतपणाला गेली, एवढं मला माहीत होतं. मी महिने मोजले आणि चौकोन पोकळ सोडला. कुणाला काही विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आप्पांनी पुरुषमंडळींना आमच्या ओसरीवर बोलावलं, जायचं का ते ठरवायला. मला म्हणाले, "तुझा कागुद आण." मी अभिमानाने नकाशा पसरला. आप्पांनी काळ्या चौकोनांवर एकेक बोट ठेवलं. दोनदा.

"चारच?" ते म्हणाले. "गंगावैनीचं धरलं न्हाईस?"

"ते ओसाडमध्ये येतं," मी म्हटलं.

त्यांना वाटलं, मी चौकशी करून आलेय. कोपऱ्यातले म्हातारे मामा म्हणाले, "मग ती काय आता येत न्हाई. पोरगीनं बघूनच लिवलं असणार." चार घरांत राखण होणार नव्हती. जायचं ठरलं. पावसाच्या आधी चारही घरं उतरवली गेली. कौलं, वासे, गुरं, सगळं रामनगरला. काकीला निरोप धाडला होता, तो पोचला नाही. मला प्रकल्पात पहिला नंबर मिळाला.

मृग लागला आणि गंगाकाकी वाडीवर परतली. पेरणीला येते असं ती बायकांत सांगूनच गेली होती. आप्पांना हे कळलं आणि ते तिला आणायला गेले, तोवर अकरा दिवस झाले होते.

पुढच्या सुट्टीत मी रामनगरच्या नव्या घरी तिच्यासमोर बसले आणि सगळं सांगितलं. ती शेंगा सोलत होती. सोलतच राहिली.

"कागदाचं मला काय कळतंय," ती म्हणाली. "पर किल्ली तुझ्या आईपाशीच दिली व्हती. येणार नसते तर दिली असती व्हय?"

आई चुलीपाशीच होती. तिने मान वर केली नाही. "मला कुणी विचारलंच न्हाई," एवढंच म्हणाली.

मग काकीने ते अकरा दिवस सांगितले. "कुठंच धूर न्हाई. कुलूप दगडानं फोडून घरात शिरले. पयल्यांदा वाटलं, समदी कुठं लग्नाला गेल्यात. रोज सकाळी एकेका दारात जाऊन हाक मारायची. दारं तरी कुठं व्हती, नुसत्या चौकटी. तुझ्या घरापाशीबी मारायची. तुझं नाव घेऊनच मारायची गं, तू पुण्यात हाईस हे ठावं असून."

काकी जाऊन आता चार वर्षं झाली. मी पुण्यात वस्ती-भूगोल शिकवते. आमच्या सोसायटीत समोरचा फ्लॅट वर्षभर बंद आहे. भरदुपारी, पेपर तपासताना, त्या बाजूने मला नावाने हाक ऐकू येते. लांबवलेली, आमच्याकडे मारतात तशी. मी दार उघडते. पॅसेजमध्ये कुणी नसतं. नवऱ्याला आता सवय झाली आहे, तो विचारत नाही.

रामनगरला, बेळगावला, आणि माझ्यासारख्या आणखी लांब गेलेल्या, वाडीतल्या तुम्हा सगळ्यांना हे सांगायचं राहिलं होतं. तुम्ही कदाचित तसेही निघाला असता. आप्पा तसंच म्हणतात. पण ते म्हणताना ते माझ्याकडे बघत नाहीत.

घर कुठे, असं कुणी विचारलं तर मी पुण्याचा पत्ता सांगते. आणि दुपारी हाक आली की, शेजारी काय म्हणतील याची पर्वा न करता, मोठ्याने ओ देते.