एलादियोचा पाय कुठे ठरेना

२००५च्या सप्टेंबरात एलादियो रेबोल्यो कॅनडात सस्काटूनला आमच्या बेसमेंटमध्ये भाड्याने राहायला आला. वय सत्तेचाळीस, स्पेनमधल्या एका लहान गावचा. बायको इथे स्पॅनिश शिकवायला आली, तिच्यामागे तोही आला. पुढे दोघं वेगळे झाले, ती परत गेली आणि तो राहिला.

"तुम्ही का नाही गेलात?" मी एकदा विचारलं.

"सेन्योरा बेबी," तो मला त्यांच्याकडच्या रीतीने बाईसाहेब म्हणायचा, "तिकडे जो भेटेल तो विचारतो, दुसरं पुस्तक कधी?"

पहिली कादंबरी एकोणतिसाव्या वर्षी आली, थोडं कौतुकही झालं. दुसरी अठरा वर्षं चालूच होती. मधूनमधून तिकडच्या मालिकांत त्याने वेटर, हवालदार, एकदा तर प्रेताचंही काम केलं. "ते सगळ्यात अवघड," तो म्हणायचा, "हलायचं नसतं." इस्त्रीच्या टेबलावर वही ठेवून तो उभ्यानेच लिहायचा. चार ओळी झाल्या की येरझारा सुरू. वर नाश्ता करताना आम्हाला त्याची पावलं ऐकू यायची.

"ही इज वॉकिंग अगेन," आमची मुलगी प्रीती म्हणायची.

"चालू दे बिचाऱ्याला," गुणवंत, माझा नवरा, म्हणायचा.

मी तेव्हा मेडिकल कॉलेजच्या परीक्षा विभागात होते. विद्यार्थ्यांच्या परीक्षेला खोटे पेशंट किंवा त्यांचे नातेवाईक म्हणून बसायला माणसं लागत. मी एलादियोला अप्लाय करायला लावलं. काम तो जीव ओतून करायचा, पण ठरलेल्या वाक्यांवर थांबायचा नाही. त्याचा पोटदुखीचा पेशंट एके दिवशी कबुतरं पाळू लागला, दुसऱ्या दिवशी त्याचं सासऱ्याशी भांडण झालं. परीक्षक वैतागायचे.

जानेवारी २००९. त्या दिवशी बारा विद्यार्थी एकामागून एक आत येऊन त्याला सांगणार होते, की अपघातात तुमचा भाऊ गेला. अकरा जणांनी सांगितलं, आणि सांगून झाल्यावर बोलतच राहिले. बारावी एक लाजरी मुलगी होती. तिने खुर्ची जवळ ओढली, "तुमचा भाऊ वारला," एवढंच म्हणाली आणि गप्प बसली.

एलादियो उठला. दार उघडून, कॉरिडॉर ओलांडून नुसत्या शर्टावर बाहेर पडला. बाहेर उणे एकतीस. ती मुलगी स्वतःचा पार्का, थंडीचा जाड कोट, घेऊन त्याच्यामागे धावली, तिच्यामागे मी. पार्किंगमध्ये तो गाड्यांमधून भराभर चालत होता. तिने पार्का त्याच्या खांद्यावर टाकला, तेव्हा थांबला.

ऑफिसात आणून मी त्याच्या हातात चहा दिला.

"खरंच भाऊ आहे तुम्हाला?"

"आहे. मार्सेलिनो. नऊ वर्षं फोन नाही केला. आज ती गप्प बसली ना, तेव्हा वाटलं, हे खरंही असेल."

मी फोन त्याच्यापुढे सरकवला. बोलणं मला कळत नव्हतं. पलीकडचा माणूस आधी बराच वेळ ओरडत होता. एलादियो उभा होता तो कपाटाला टेकून खाली बसला आणि रडला. फोन ठेवल्यावर त्याने सांगितलं, मार्सेलिनो धडधाकट होता, त्याचं खिळे-कुलपांचं दुकान चालू होतं. पुस्तकाचं त्याने काही विचारलं नाही, नीट जेवतोस का, हे विचारलं.

परीक्षा अर्धवट सोडली म्हणून कमिटीने त्याचं काम बंद केलं. सांगायची वेळ माझ्यावर आली.

"ती मुलगी पास झाली ना?" त्याने विचारलं.

"झाली."

"मग ठीक."

पण एका डॉक्टरबाईंनी सुचवलं, याला बसवू नका, याच्याकडून पेशंट लिहून घ्या. तीन वर्षांत त्याने चाळीसेक पेशंट लिहिले, प्रत्येकाचं दुखणं, घरदार, सवयी. परीक्षक ते आवडीने वापरू लागले. कादंबरी मात्र सुटली ती सुटलीच.

तरी तगमग गेली नाही. भावाकडे दोन महिन्यांसाठी गेला आणि तीन आठवड्यांत परतला. "तिथेही झोप येत नाही," म्हणाला. २०१२च्या एप्रिलमध्ये त्याने जाहीर केलं, समुद्राशेजारी राहायचंय, हॅलिफॅक्सला जातो. नोकरी ठरलेली नव्हती.

"अहो, थोडं थांबा तरी," मी म्हटलं.

"थांबूनच तर बघितलं."

गुणवंतने त्याच्या जुन्या गाडीचे टायर तपासले, मी चिवड्याचा डबा दिला. पहिला फोन विनिपेगहून आला, दुसरा सडबरीहून. मग काहीच नाही. जूनमध्ये पत्र आलं: वाटेत एका गावी उगाच दहा दिवस राहिलो, आता पोचलोय, एका शाळेत स्पॅनिश शिकवतोय, वारा फार आहे.