इनेस दृश्य कापत नाही

इनेस टावारेस हॅम्बर्गमध्ये आमच्याच इमारतीत, वरच्या मजल्यावर राहायची. लहानपणीच पोर्तुगालहून आली. वडील इथल्या गोदीत कामाला. टीव्हीच्या बातम्यांत तिला नोकरी लागली होती, पण बाई दृश्य कापायलाच तयार नसायची, म्हणून ती सुटली. मग सकाळी बेकरीत पाव विकायचा आणि उरलेल्या वेळात माहितीपट करायचे. पहिला तिच्या आईवर, जी लोकांचे जिने पुसायची. दुसरा बंदरातल्या फेरीबोटींवर. पद्धत एकच: कॅमेरा स्टँडवर ठेवायचा, काही विचारायचं नाही, माणूस कॅमेरा विसरेपर्यंत गप्प बसायचं. निवेदन नाही, संगीत नाही, खाली भाषांतराच्या ओळीही नाहीत. चेहरा पुरतो, म्हणे! मला तो शुद्ध हट्टीपणा वाटायचा, आणि तसं मी तिला तोंडावर सांगितलंही होतं.

२०१४ साली ती दिवसभर घरात एकट्या असणाऱ्या म्हाताऱ्यांवर फिल्म करत होती. आमच्या शेजारच्या मयुरेशने, आई गेल्यावर, वडिलांना सांगलीहून इकडे आणलं होतं. या दीनानाथकाकांनी तिला हसत होकार दिला. स्वयंपाकघरात बसून ते बहिणीशी फोनवर बोलतात, ते लांबलचक दृश्य इनेसला इतकं आवडलं की फिल्मचा शेवटच तिने त्यावर केला. काका काय बोलतात, हे मात्र तिने कुणाला विचारलं नाही.

पहिल्या खेळाला आम्ही नटूनथटून गेलो. पडद्यावर काका म्हणाले, "शोभना, मी इथे गॅलरीतली कुंडी झालोय बघ. पाणी वेळेवर मिळतं. मयुरेश येतो तोच कानात हेडफोन घालून. बोलायला कुणी नाही गं."

जर्मन मंडळींनी टाळ्या वाजवल्या. मयुरेशची मान वर होईना. मलाही लाज वाटली. भिंतीपलीकडे राहून मी तरी कितीदा डोकावले होते?

बाहेर पडताना मी इनेसला अर्थ सांगितला, जरा रागानेच. ती पांढरीफटक पडली. दुसऱ्या दिवशी बेकरीतला केक घेऊन ती काकांकडे आली. मी सोबत होते, मयुरेश दुभाष्या.

"मी चोरी केली," ती जर्मनमध्ये म्हणाली. "तुमचं दुःख न विचारता लोकांना दाखवलं. मी ते दृश्य काढून टाकते."

एका मोठ्या महोत्सवाने फिल्म निवडली होती, तिच्या आयुष्यात पहिल्यांदाच. ते दृश्य गेलं तर फिल्ममध्ये काही उरणार नव्हतं, आणि हे तिलाही कळत होतं.

मयुरेशने मराठीत सांगितलं. काका त्याच्याकडे बघत म्हणाले, "अरे, कॅमेरा चालू आहे हे मला ठाऊक होतं. घरी तुला सवड नसते. म्हटलं, तिथे थिएटरच्या अंधारात तरी तुला उठून जाता यायचं नाही."

"काय म्हणतायत?" इनेसने घाबरत विचारलं.

"आल्झो... म्हणजे..." मयुरेश जर्मनमध्ये अडखळला. "म्हणतात, दृश्य राहू दे."

बाकीचं त्याच्या तोंडून निघालं नाही, आणि मीही सांगितलं नाही. इनेस बिचारी काकांचे हात धरून माफी मागत राहिली. ज्याने मागायला हवी होती, तो मान खाली घालून केकच्या बशा मांडत होता.