पतंगाच्या मिशा

तुमची सून काय करते असं कोणी विचारलं की मी एका दमात सांगते, इलेक्ट्रोअँटेनोग्राफी. मग समोरच्याचं तोंड बघत बसते. हा शब्द जिभेवर बसवायला मला फार घोकावं लागलंय, त्यामुळे मी तो असातसा वाया घालवत नाही. बँकेत, दवाखान्यात, भाजी घेताना, जिथे संधी मिळेल तिथे वापरते. शेजारणीला वाटलं, वीजबिलाचं काहीतरी असेल. मी तिला सांगितलं की किड्यांना वास किती येतो ते मोजायचं काम आहे. त्यावर तिने जे नाक मुरडलं ते अजून सरळ झालेलं नाही.

आता नीट सांगते. पीठ जुनं झालं की डब्यातून करड्या रंगाचं इवलंसं पाखरू उडतं ना, तो एक पतंग. त्याला नाक नसतं. वास घ्यायचा तो डोक्यावरच्या दोन मिशांनी. त्यातल्या नराला मादीचा वास एवढ्या लांबून येतो की विचारू नका, आणि तो वास आपल्याला मात्र काही केल्या येत नाही. तर आमची सूनबाई नराची एक मिशी कापते आणि दोन बारीक काचेच्या नळ्यांच्या मध्ये बसवते. नळ्यांत खारट पाणी, पाण्यात चांदीची तार. कापलेली मिशी थोडा वेळ जिवंतच असते. तिच्यावर वासाची फुंकर सोडली की तिच्यात कणभर वीज खेळते आणि पडद्यावरची रेघ खाली बुडी मारते. वास जितका जाणवला तितकी बुडी खोल. मग साध्या हवेची फुंकर सोडायची, कारण नुसत्या वाऱ्यानेही मिशी दचकते. पहिल्या बुडीतून दुसरी वजा केली की उरलं ते खरं माप. एवढंच आहे. पण हे 'एवढंच' करताना भल्याभल्यांचे हात थरथरतात म्हणे.

तिचे थरथरत नाहीत. जन्मभर मी शाळांचे गणवेश शिवले, हात कोणाचा कसा चालतो ते मला बघता क्षणी कळतं. एरवी मुलीत वेंधळेपणा ठासून भरलेला. दूध उतू घालवते, किल्ल्या दाराबाहेर विसरते, आणि घरात झुरळ दिसलं तर हीच शास्त्रज्ञ बाई खुर्चीवर चढून मला हाका मारते. पण चिमटा हातात आला की ती वेगळीच कोणीतरी होते. गल्लीतले लोक तिला मिशीवाली म्हणतात. ती हसते, राग मला येतो.

गेल्या वर्षी संस्थेतलं पतंग वाढवायचं ऊबदार कपाट बिघडलं आणि दुरुस्तीला पैसे नाहीत असं उत्तर आलं. झालं, पतंग आमच्या घरी आले. माझ्या कपड्यांच्या कपाटातला खालचा खण रिकामा करून तिथे पिठाच्या बरण्या, वर फडकी, आत अळ्या. अहो, पिठात अळी पडू नये म्हणून जन्मभर चाळण घेऊन बसले मी, आणि म्हातारपणी हौसेने अळ्या पाळायची पाळी आली. मुलगा लिफ्ट दुरुस्तीची कामं करतो, संध्याकाळी दमून येतो. त्याला मी म्हटलं, तुझ्या बायकोने माझ्या साड्यांच्या खाली प्राणिसंग्रहालय मांडलंय. तो म्हणाला, आई, निदान हे भुंकत तरी नाहीत.

खरं तर मला त्यांचा लळाच लागला होता. कोश झाले की नर आणि माद्या वेगळ्या कराव्या लागतात. नाहीतर नर बाहेर येताच शेजारच्या मादीच्या वासाला सरावतात आणि मोजायला निरुपयोगी होतात. रात्रीची जेवणं आटोपली की ती भिंगाखाली कोश निवडायची आणि मी बरण्यांवर चिठ्ठ्या लावायची. आमचं सासू-सुनेचं जे काही गूळपीठ जमलं ते त्या भिंगाखाली.

पण तिला एक काळजी होती, ती मला दिसत होती. नोकरी हंगामी. संस्थेतल्या रसायनवाल्यांनी मादीचा वास प्रयोगशाळेत तयार करायचं मनावर घेतलं होतं. तो सापळ्यात ठेवला की गिरण्यांमधले नर आपणहून येऊन अडकतील आणि धान्यावर विष फवारायची गरजच उरणार नाही. त्यांनी एकामागून एक वास तयार करायचे आणि हिने मिशीवर मोजून सांगायचं, चालेल की नाही. आणि एकही चालत नव्हता. प्रत्येक वेळी माप एवढंसं. संस्थेच्या समितीने निरोप धाडला की आता एकदाच समोर करून दाखवा. या खेपेचा वास मिशीला कळला तर बाईंना कायम करू, नाही कळला तर मोजमापाची ही खोली बंद. म्हणजे नोकरी गेलीच. तिच्या वयाला, तिच्या या जगावेगळ्या विद्येला दुसरीकडे कोण विचारणार होतं?

त्या दिवशी बरणी मांडीवर घेऊन मी तिच्याबरोबर गेले. पतंगांना धक्के बसायला नकोत, आणि ती स्कूटरवर असताना बरणी धरणार कोण? तिथे गेल्यावर कोणी मला बाहेर जा म्हटलं नाही, मग मी कशाला जाते. कोपऱ्यातल्या स्टुलावर बसले. खोली आमच्या स्वयंपाकघराएवढी. टेबलावर बाहेरची वीज अडवायला जाळीचा पिंजरा, आत ते यंत्र, शेजारी पडदा. समितीचे तिघे आणि रसायनवाले. हे रसायनवाले म्हणजे किडकिडीत, सतत चष्मा पुसणारे गृहस्थ. त्यांचीही पाचावर धारण बसली होती, वास त्यांचाच होता ना.

सूनबाईने कोटाच्या खिशातून काचेच्या दोन नळ्या काढल्या, एकीत वासाचा कागद, दुसरीत कोरा. मिशी बसवली. पहिली फुंकर वासाची. रेघ खाली गेली, आणि माझा जीव जरा भांड्यात पडला. मग साध्या हवेची फुंकर, तर रेघ जवळजवळ तेवढीच खाली. वजाबाकी करून हातात काय उरणार, कपाळ? दुसरा पतंग घेतला, दुसरी मिशी. तेच. तिसरा, तेच. समितीच्या अध्यक्षांनी पेनाला टोपण लावलं. ते टोपण लावल्याचा आवाज मला अजून ऐकू येतो.

तिने पंखा बंद केला. तारा तपासल्या. खारट पाणी बदललं. आणि त्या पडद्याकडे बघत उभी राहिली. मग हळूच तिने खिशात हात घातला, बाहेर काढला, आणि त्या कोऱ्या नळीकडे असं बघितलं की जणू ती नळी बोलली.

तिने रसायनवाल्यांना विचारलं, तुमच्याकडे न फोडलेलं नळ्यांचं पाकीट आहे का. ते पळत जाऊन घेऊन आले. तिने हात कोपरापर्यंत धुतले, कोट काढून दाराबाहेर टाकला, खिडकी उघडली, थोडा वेळ सगळ्यांना तसंच ताटकळत ठेवलं. मग नवा पतंग, नवी मिशी, पाकिटातली कोरी नळी. साध्या हवेची फुंकर सोडली. रेघ हलली न हलली. मग वासाची.

अहो, काय सांगू! रेघ अशी कोसळली की पडद्याच्या तळाला जाऊन टेकली. रसायनवाल्यांच्या हातातून चष्मा पडला. मी स्टुलावरून कधी उठले ते मला कळलंच नाही. तिने पुन्हा केलं, पुन्हा तेच. मग तिने दाराबाहेरच्या कोटाच्या खिशाचं अस्तर कात्रीने कापून आणलं, त्याचा तुकडा नव्या नळीत घातला आणि त्याची फुंकर सोडली. रेघ पुन्हा तळाला. सगळ्यांच्या लक्षात आलं. सापळ्यात ठेवून बघायला रसायनवाल्यांनी दिलेले वासाचे रबरी तुकडे ती त्याच खिशातून नेत होती ज्यात कोऱ्या नळ्या ठेवत होती. माणसाला न येणारा वास त्या अस्तरात मुरला होता, आणि तिची 'साधी हवा' कधी साधी नव्हतीच. वासातून वासच वजा होत होता.

समितीतले दोघे टाळ्या वाजवायला लागले. अध्यक्ष उठले, म्हणाले की वास उत्तम आहे, बाईंच्या कायम होण्याची शिफारस आजच्या आज जाईल. माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. मुलाला फोन करायला मी पिशवीत हात घातला होता.

आणि ही बया बोलली.

"साहेब, थांबा. मग मी आजवर दिलेलं एकही माप खरं नाही."

मला तिला चिमटा काढावासा वाटला. जवळ असती तर काढलाही असता. अगं, मिळतंय ते आधी हातात तर पडू दे! पण ती रसायनवाल्यांकडे वळली.  म्हणाली, तुमचे आधीचे सगळे वास मी नापास केले. ते कदाचित चांगले असतील. चूक त्यांची नव्हती, माझ्या खिशाची होती.

 अध्यक्ष परत खाली बसले. त्यांनी विचारलं की म्हणजे जुना अहवाल मागे घ्यायचा का. ती म्हणाली, हो. ते म्हणाले, अहवालच मागे घेतला तर कशाच्या जोरावर कायम करू? ती म्हणाली, नका करू. इतक्या सरळ म्हणाली की जणू भाजीवाल्याला सांगतेय, कोथिंबीर नको. मी आतल्या आत तिला दहा शिव्या घातल्या आणि त्याच वेळी मला असं वाटत होतं की त्या तिघांना ओरडून सांगावं, ही माझ्या घरची आहे.

आता रसायनवाल्यांचंच बघा. केवढ्या दिवसांची मेहनत त्या माणसाची, आणि हिच्या एका खिशापायी मोरीत गेलेली. चिडले असते तर मी एका अक्षराने त्यांना दोष दिला नसता. त्यांनी जमिनीवरचा चष्मा उचलला, पुसला, डोळ्यांवर चढवला.

"मी टाकल्या नाहीत त्या बाटल्या," ते म्हणाले.

आणि पळाले. एवढ्या वयाचा माणूस बोळातून धावताना मी पहिल्यांदा पाहिला. मागून फ्रीजचं दार आपटल्याचा आवाज, मग कोणीतरी कोणाला धडकल्याचा आवाज, मग हे परत. हातात ट्रे, ट्रेमध्ये बर्फ धरलेल्या छोट्या छोट्या बाटल्या. एकेकीवर हिने लाल फुली मारलेली. म्हणाले, माझीच लेकरं ती, फेकवेनात.

अध्यक्षांनी सांगितलं. खोली बंद करणार नाही, पण वर्षभरच, पगार आहे तोच, सगळं पहिल्यापासून मोजायचं, आणि कायमचं बोलणं त्यानंतर. म्हणजे घास तोंडाशी येऊन परत गेला तो गेलाच. ती नुसती बरं म्हणाली. तिचं लक्ष ट्रेवर होतं. खरं सांगू, तोपर्यंत माझंही ट्रेवरच होतं.

पहिली बाटली, रेघ थोडी खाली. रसायनवाल्यांनी मान डोलावली, ठीक. दुसरी काहीच नाही. तिसरी बाटली सगळ्यात जुनी, चिठ्ठीवरची शाईसुद्धा उडालेली. तिने कागदावर एक थेंब घेतला, नळीत घातला. समितीतले तिघे खुर्च्या ओढत पडद्यापाशी आले, माझ्या पुढ्यात त्यांची डोकी. मी सरळ अध्यक्षांना कोपराने बाजूला केलं. त्यांनीही निमूट जागा दिली.

फुंकर गेली आणि रेघ खाली, अजून खाली, पडद्याचा तळ सोडून पार नाहीशी झाली. सूनबाईने घाईघाईने यंत्राची मोजपट्टी मोठी केली, पुन्हा फुंकर सोडली, तेव्हा कुठे रेघेचं टोक दिसलं. मघाशी टाळ्या मिळाल्या त्या वासापेक्षा हा जवळजवळ दुप्पट. हाच वास तिने सर्वात आधी नापास केला होता.

रसायनवाल्यांनी पुन्हा चष्मा काढून पुसला.  सूनबाईने त्यांच्यासाठी आपलं स्टूल पुढे केलं आणि स्वतः उभी राहिली. त्यावर टेकत त्यांनी विचारलं, पुन्हा एकदा दाखवता का? तिने बरणीतून दुसरा पतंग काढला. आम्ही सगळे तिथेच उभे होतो, समितीची गाडी खाली हॉर्न वाजवत होती, आणि जायला कोणीच निघेना.